रातघरातला दिवा

वसंतदादा,

परवा साकोलीला तुझी शोकसभा झाली. स्टेजवर तुझा फोटो, त्याला झेंडूचा हार आणि मागे हे एवढं मोठं फ्लेक्स, 'काळाला वाकवणारा शास्त्रज्ञ'. तुझ्या जुन्या संशोधन केंद्रातले साहेब बोलायला उभे राहिले. तू तिथे होतास तेव्हा ज्यांनी तुला बसायला धड खोली दिली नाही, तेच. म्हणाले, डॉक्टरांनी निसर्गाचं घड्याळ हातात घेतलं, वर्षांचं काम महिन्यांवर आणलं आणि ते काळाच्या पुढे निघून गेले. टाळ्या पडल्या. शोकसभेत टाळ्या. माझी तळपायाची आग मस्तकात गेली. वाटलं, उठावं, माईक ओढून घ्यावा आणि सांगावं की अहो, ज्याने काळ वाकवला म्हणता त्याला स्वतःच्या छातीसाठी दवाखान्यात जायला वेळ काढता आला नाही. पण त्याच गावात मी शाळेत शिकवते, पहिल्या रांगेत माझ्याच वर्गातल्या मुलांचे आईबाप बसलेले. गप्प राहिले. त्याचा वचपा आता इथे काढते आहे. तुला ऐकावं लागेल. आयुष्यभर माझं बोलणं अर्ध्यावर टाकून उठायचास, 'थांब वं सुमे, कापड ओढून येतो' म्हणून. आता उठून कुठे जातोस ते बघते.

तू नेमकं करत काय होतास, हे फ्लेक्स छापणाऱ्याला माहीत नव्हतं आणि भाषण करणाऱ्यांनाही फारसं नव्हतं. मला माहीत होतं, कारण ते काम माझ्या हातांनी झालंय. आपल्या एकोडीचा केवडी धान. शिजायला लागला की शेजारच्या घरी कळायचं, असा वासाचा. पण भारी धान, म्हणजे उशिरा पिकणारा. दसरा जवळ येऊन रात्री लांबायला लागल्याशिवाय तो निसवायचाच नाही, त्याची लोंबच बाहेर यायची नाही. तोवर तलावाचं पाणी उतरायचं आणि नहराच्या टोकाला पोचायचं बंद व्हायचं. म्हणून टोकाच्या बांध्यांवाल्यांनी, कालव्याच्या शेवटी धानाची खाचरं असलेल्यांनी, केवडी सोडला. आपल्या बाबांनीही सोडला, आपल्या बांध्या टोकालाच. सगळे हलका धान लावायला लागले. तो लवकर पिकतो, पोट भरतो, वास मात्र नाही. तुला वास केवडीचा आणि घाई हलक्याची, असा धान हवा होता. तसा धान तयार करायचा तर संकर करून पिढीमागून पिढी निवडत जायची आणि एका पिढीला एक वर्ष. तू हिशेब केलास आणि म्हणालास, एवढं आयुष्य आपल्याकडे नाही. हे तू हसत म्हणाला होतास. मला आता ते हसणं आठवलं की हात शिवशिवतात.

मग नोकरी सोडून गावी आलास आणि घरामागे लोखंडी सांगाडा उभा केलास. वरून काळी ताडपत्री, दोरी ओढली की सगळ्या बाजूंनी खाली येणारी. गावाने नाव ठेवलं रातघर. ऊन टळटळीत असताना पाच वाजता कापड पाडायचं, सकाळी शाळेची वेळ झाली की वर करायचं. आत धानाच्या कुंड्या. पहिल्या दिवशी मी विचारलं, हा कसला येडेपणा, तर म्हणालास, "धान घड्याळ नाही पायत, सुमे. धान रात मोजते. आपण रात लांब केली का त्याले वाटते, आली दिवाळी." आणि खरंच, फाल्गुनात, चैत्रात त्या कुंड्या दिवाळी समजून निसवायच्या. एका वर्षात तू धानाला दोन-तीन दिवाळ्या दाखवायचास. ते पाहताना माझ्या अंगावर काटा यायचा, हेही सांगून ठेवते. राग आहे म्हणून खोटं बोलणार नाही.

तशी खोड तुझी जुनीच. लहानपणी भर दुपारी आईच्या कोंबड्यावर टोपली पालथी घालून वर गोधडी टाकलीस. बराच वेळ आपण दोघं दम धरून बसलो. मग टोपली उचललीस आणि कोंबड्याने मान ताठ करून बांग दिली. ऊन डोक्यावर असताना. अंगणात धान पाखडणाऱ्या मोठ्या आईने, आपल्या थोरल्या काकूने, सूप बाजूला ठेवलं, आभाळाकडे पाहिलं आणि मग तुझ्या पाठीत धपाटा घातला. तू मार खात हसत होतास. तेव्हाच कोणीतरी तुला ठणकावून सांगायला हवं होतं की कोंबडा फसतो, धान फसतो, पण शरीर फसत नाही.

रातघराचे कायदे तू केलेस आणि पाळले मी. आत टॉर्च नाही, मोबाईल नाही, कोणी विडी ओढत त्या बाजूला फिरकायचं नाही. अंधारात उजेडाचा एवढासा तुकडा गेला तरी धानाचा हिशेब मोडतो, असं तू शंभरदा सांगायचास. माझी शाळा सुटली की मी स्कूटी दामटत एकोडीला यायची. नवरा तुमसरला धानाच्या बाजारात कामाला, शनिवारी येतो, त्याच्यासाठी मी कधी एवढी धावले नाही. पाच वाजायला आले की तुझा फोन, "रात पाडली का वं?" गावात असलास तरी फोन. उन्हाळ्यात ताडपत्रीखाली धान उकडेल म्हणून तू आत कूलर बसवलास, खसच्या ताट्या लावल्यास. आपण दोघं सपरीत, पुढच्या पडवीत, पंख्याखाली घामाने निथळत जेवायचो आणि तिकडे धान गार हवा खात उभा. मी एकदा म्हटलंसुद्धा की पुढच्या जन्मी मला तुझ्या कुंडीत घाल. तू वर मान न करता म्हणालास, आधी तुझी उंची कमी करावी लागेल.

लोक तुला डॉक्टर म्हणायचे म्हणून ताप आलेली पोरं घेऊन यायचे. तू त्यांना साकोलीला पाठवायचास, वर रागे भरायचास की दुखणं अंगावर कशाला काढलं, पहिल्याच दिवशी का नाही गेलात. लोका सांगे ब्रह्मज्ञान. हे वाक्य मी तुझ्या तोंडावर म्हणायला हवं होतं, पण तेव्हा मला कुठे काय माहीत होतं.

आणि तो दिव्याचा खांब. तुला कुठलासा सन्मान मिळाला तेव्हा ग्रामपंचायतीला आनंद झाला. सरपंचाने ठरवलं, डॉक्टरच्या वावराला काहीतरी द्यायचं. तुझ्या टोकाच्या बांधीच्या धुऱ्यावर, कडेच्या मेरेवर, मोठा सौर दिवा उभा केला, नारळ फोडला, तुला फेटा बांधला. तू बाहेरगावी होतास आणि सरळ समारंभालाच येऊन उभा राहिलास, म्हणून तुला आधी अडवता आलं नाही आणि नंतर सरपंचाला 'काढ' म्हणवलं नाही. त्यानंतर त्या दिव्याखालचा, तू बियाण्यासाठी लावलेला जुना केवडी निसवेचना. चहूकडे धान पिवळा पडला, कापणी झाली, लोक दिवाळीनंतरच्या मंडईच्या जत्रेला जाऊन आले आणि तुझ्या बांधीत खांबाशी हिरवंगार अर्धवर्तुळ उभं. गावात कुजबुज सुरू झाली, कोणी म्हणे नजर लागली, कोणी म्हणे तलावाच्या देवीला कोंबडं चुकलं. तू सगळ्यांना धुऱ्यावर बोलावलंस आणि समजावलंस की त्या धानाला रात्र भेटलीच नाही, तो अजून पावसाळ्यातच बसलाय. मग सुखदेव काका खांबावर चढले आणि दिव्याला पोतं बांधून आले. सरपंच तुझ्याशी महिनाभर बोलला नाही. पण त्या दिवसापासून एकोडीच्या शेंबड्या पोरालाही ठाऊक झालं की उजेड दाखवला की केवडी अडतो. हे सुखदेव काका तेच, ज्यांची बांधी आपल्या बांधीला लागून, नहराच्या अगदी शेवटी. तुझ्या नव्या केवडीचं बियाणं सगळ्यात आधी त्यांना देणार, असं तू बोलून बसला होतास. यंदाच्या रोवणीला, धानाच्या लावणीला, मूठ-मूठ का होईना, पण टोकाच्या प्रत्येक घरी, हा तुझा शब्द.

त्या शब्दापायी गेलास तू. इथे माझा खरा राग सुरू होतो.

कारण थांबवणं तुला येत होतं, दादा. माझ्यापेक्षा जास्त कोणाला ते माहीत असणार? माझं बारावीचं वर्ष संपायच्या आत बाबांनी स्थळ आणलं होतं, करडीचं. घर चांगलं, मुलगा चांगला, मला मात्र मास्तरीण व्हायचं होतं. मी रडण्यापलीकडे काही करू शकत नव्हते. तू एकटा सायकलने, मग एसटीने करडीला गेलास, त्या लोकांच्या सपरीत बसून चहा प्यालास आणि सरळ विचारलंस की आमची पोर शिकते आहे, दोन वर्षं थांबता का. ते म्हणाले, इतकं थांबता येणार नाही, पण तुम्ही विचारलंत हे बरं केलंत, आम्ही दुसरीकडे बघतो. भांडण नाही, तंटा नाही. बाबांना आठवडाभर तुझं तोंड पाहवत नव्हतं. आज मी फळ्यासमोर उभी आहे ती त्या चहामुळे. माझ्यासाठी तू कुठल्या तरी परक्या माणसाच्या दारात जाऊन वेळ मागितलास. हे ऋण मी मानते, मरेपर्यंत मानीन. पण ज्याला माझ्यासाठी मागता आलं, त्याला स्वतःसाठी का मागता आलं नाही? काहून, दादा?

दिवाळीनंतर तुझं चालणं मंदावलं होतं. धुऱ्यावर मधेच उभा राहायचास आणि काहीतरी न्याहाळतो आहेस असं दाखवायचास. मी विचारलं तर पित्त. छातीला हात गेला तरी पित्त. रविवारी नागपूरला जाऊन यायचास, म्हणायचास, जुन्या मित्राकडे गेलो होतो. मी ओव्याची पूड करून द्यायची आणि तू मुकाट खायचास. मला ओवा कुटायला लावलास तू, दादा, आणि तिकडे डॉक्टरांनी तुझ्या हृदयाची चित्रं काढून ठेवली होती. हे मला कळलं कसं, तर तू गेल्यानंतर तिसऱ्या दिवशी तुझा फोन वाजला. नागपूरच्या दवाखान्यातून एक मुलगी गोड आवाजात विचारत होती की पेशंटने ऑपरेशनची तारीख दोनदा पुढे ढकलली आहे, आता नक्की कधी भरती करता? मागे बायका एकमेकींच्या गळ्यात पडून रडत होत्या. मी तिला म्हटलं, पेशंट कालच्या राखेत आहे. फोन ठेवल्यावर मला तुझा इतका राग आला की माझं रडू आटलं. अजून परत आलेलं नाही.

मी जोडून पाहिलं तेव्हा सगळं लख्ख दिसलं. यंदाच्या कुंड्यांना लांब रात्र द्यायची वेळ होळीनंतरची. ती सुरू करायची, धान निसवायचा, दाणा भरायचा, मग बियाणं टोकाच्या लोकांना आणि मग तुझं ऑपरेशन. हा तुझा क्रम. मधे पडून राहावं लागलं तर रोवणी हुकेल, लोकांना अजून एक वर्ष थांबावं लागेल, हे तुला सहन होईना. मी तर रोज घरातच होते. सांगितलं असतंस तर रात्र पाडायला माझे हात होतेच. पण मी तुला स्कूटीवर टाकून नागपूरला नेलं असतं, हे तुला ठाऊक होतं. म्हणून नाही सांगितलंस.

त्या दिवशी मी आले तेव्हा कापड एका बाजूने पडलेलं होतं आणि दुसऱ्या बाजूने वर. तुला असं अर्धवट सोडताना मी कधी पाहिलं नव्हतं. आत कूलर चालू. तू कुंड्यांना पाठ टेकून बसला होतास, दोरी हातात. डॉक्टर, खरा डॉक्टर, येऊन गेला. लोकांनी तुला उचलून सपरीत आणलं. आणि मी, दादा, परत मागे गेले आणि उरलेलं कापड खाली ओढलं. कशासाठी ओढलं ते विचारू नको. पाच वाजून गेले होते.

दुसऱ्या दिवशी तुला पोचवून पुरुषमंडळी परतली आणि मोठी आई पिठाचं ताट आणि दिवा घेऊन उठली. आईबाबांच्या मागे घरात तीच वडीलधारी. तिचं वय झालंय, कंबर वाकलीय, पण दिवा तिने दोन्ही हातांनी सरळ धरला होता. सगळ्यांना वाटलं सपरीत ठेवेल. ती घरामागे चालायला लागली. मी आडवी आले. म्हटलं, मोठे आई, तिथे नको, तिथे उजेड चालत नाही, सपरीत ठेवू. ती म्हणाली, "जिथं जीव गेला तिथंच दिवा लागते, तेरवीपर्यंत लागते आन् जागचा हालत नाही. माया पोरगा अंधारात चाचपडंन का?" मी म्हटलं, संध्याकाळपुरता बाहेर काढू, सकाळी परत ठेवू. ती नाहीच म्हणाली.

आता सांग, मी काय करायचं होतं? एकीकडे तुझा दिवा. दुसरीकडे तुझा धान, ज्याची लांब रात्र सुरू होऊन आठवडाही झाला नव्हता. दिवा लावला की पिढी अडली, बियाणं लांबलं, रोवणी हुकली आणि ज्याच्यासाठी तू जीव दिलास ते वाया. नाही लावला तर माझा भाऊ बिनदिव्याचा गेला. मेल्यावरही मला असल्या पेचात टाकून गेलास. मी रातघराच्या तोंडाशी उभी राहिले आणि सगळ्यांसमोर म्हटलं, नाही, दिवा आत जाणार नाही. माझा आवाज चढला होता. मोठी आई तिथेच खाली बसली, दिवा मांडीवर घेऊन.

सुखदेव काका ओल्या धोतराने मागे उभे होते. ते पुढे आले, मोठ्या आईला हात देऊन उठवलं आणि मला म्हणाले, "लाव माय, दिवा लाव. धान अडते, मले ठाव हाय. एवढे साल आमी थांबलो, आणिक एक साल थांबू. आमाले का होते त्यानं?" मी म्हटलं, काका, तुम्हाला यंदा द्यायचं म्हणूनच तर तो एवढा राबत होता. त्यांना दवाखान्याचं तेव्हा काहीच माहीत नव्हतं, मलाही नव्हतं. ते फक्त एवढंच म्हणाले, "आमी कुठं घाई केल्ती, बाई?"

मी बाजूला झाले. मोठ्या आईने तुझ्या जागेवर पीठ पसरलं, त्यावर दिवा ठेवला, भोवती विटा लावल्या. मी कूलर बंद केला, वाऱ्याने दिवा जाऊ नये म्हणून. तेरवीपर्यंत तिथे तेल घालायला मी जात होते आणि तुझा धान त्या उजेडात पाहत उभा होता. तेरवीला बायकांनी पिठात पाहिलं, गेलेला जीव कुठल्या रूपात येऊन गेला, काही उमटलंय का. उमटलं होतं, उंदराची पावलं. मोठी आई म्हणाली, उंदीर तर उंदीर, आला ना. मला तेवढ्यातही हसू आलं, कारण उंदरांशी तुझं वैर किती होतं ते तिला माहीत होतं.

त्या रात्री हुकल्यावर रोवणी गाठणं नव्हतंच, म्हणून पुढे मी कापड पाडलं नाही आणि धान निसवला नाही. हिरवागार आहे, गुडघ्याच्या वर गेलाय आणि नुसती पानं काढतोय. परवाच्या सभेनंतर तुझ्या केंद्रातली दोन मुलं मला भेटली, म्हणाली, मॅडम, रातघर आम्ही ताब्यात घेतो, वेळ भरून काढतो. मी त्यांना सांगितलं, या, शिका, हात लावा, पण भरून काढायचं नाव काढू नका. पावसाळ्यात या कुंड्या मी उघड्यावर ठेवणार आहे. रात्री आपल्या आपण लांबतील तेव्हा निसवेल तो. बियाणं पुढच्या साली सगळ्या घरी जाईल. मी माझ्या हाताने नेऊन देईन आणि तुझंच नाव सांगीन.

काल सुखदेव काका आले होते. दवाखान्याच्या फोनचं मी त्यांना सांगितलं. दोनदा पुढे ढकललेली तारीख, टोकाच्या लोकांना दिलेला शब्द, सगळं. पाणी दिलं, ते तसंच राहिलं. जाताना म्हणाले, "एकडाव इचारलं असतं तं आमीच मनलं असतं, जा बापा, पयले छाती दाखव."

त्यांचं घर आपल्या घरापासून हाकेवर आहे, दादा. विचारायला तुला कितीसा वेळ लागला असता?